अकरा दिवसांची टिपणी

सिव्हिल लाइन्समधल्या आमच्या शाखेत
मे महिन्यात दोनच आवाज असतात:
कूलरच्या वाळ्यातून ठिबकणारं पाणी
आणि सेवापुस्तकाचं पान उलटणारं बोट.
त्या दुपारी तिसरा आला. शिंक.

सदाशिव डोमाजी हेडाऊ, राहणार तांडापेठ,
पाटबंधारे खात्याचे निवृत्त जलमापक,
कापडी पिशवीतून कागद काढताना म्हणाले,
"मिरचीची शिंक हाय मॅडम.
सात वर्षं उमरेड रोडच्या जकात नाक्यावर होतो न.
भिवापूरचे ट्रक यायचे, पोती मोजायची.
तवाचा कागद काढला का आजही येते."

अर्ज साधा होता.
महापालिकेतली सात वर्षं, दोन महिने, एकोणीस दिवस
निवृत्तिवेतनासाठी धरावेत, ही विनंती.
हजेरीपट वाळवीनं खाल्लेला,
पण पगाराच्या रजिस्टरात सह्या सापडल्या, दर महिन्याच्या.
पहिल्या वर्षी "सदाशीव", शी दीर्घ,
पुढे कुणी सांगितलं असेल, ऱ्हस्व झाला,
आणि शेवटी नुसतंच एक वेटोळं,
मागे ट्रक हॉर्न वाजवत असल्यासारखं.

अडलं ते दोन तारखांच्या मध्ये.
नाक्यावरून कार्यमुक्त: एकतीस मार्च, अपरान्ह.
खात्यात रुजू: बारा एप्रिल, पूर्वान्ह.
मधल्या जागेला आमच्याकडे खंड म्हणतात.

"या अकरा दिवसांत कुठं होता?"
कुठल्याच नमुन्यात असा रकाना नाही,
मी उगीच विचारलं.

"नाक्यावरच. बदली माणूस आला नव्हता न.
ट्रक काय थांबतेत? दोन्ही पाळ्या केल्या.
पावतीवर सही तेल्हारकर साहेबाची,
मी तं कागदावर सुटलो होतो.
घरी बायको माझे कपडे वेगळ्या बादलीत भिजवे,
पोराचे डोळे चुरचुरत म्हणून.
तिला माहीत हाय सारं.
पण तिची सही चालत नसन?"

नाही चालत, मी म्हटलं.
मग घाईनं म्हटलं, काळजी करू नका,
खंड क्षमापित करता येतो.

"म्हंजे?"

म्हणजे सरकार माफ करतं.
मागची सात वर्षं जोडली जातात.
ते अकरा दिवस तेवढे मोजत नाहीत.

ते कूलरकडे पाहत राहिले.
नदीकाठी पट्टी वाचत आयुष्य गेलेला माणूस
पाणी स्थिर होईपर्यंत बोलत नाही.

"माफ करा म्हणा, बरंच हाय.
पण मॅडम, मी चुकलो कुठं?"

माझ्याही सेवेत दोन खंड आहेत,
रोजंदारीवर होते तेव्हाचे, दोन बाळंतपणांचे.
क्षमापित झाल्याचा आदेश आला तेव्हा
मी अख्ख्या शाखेला पेढे वाटले होते.
हा प्रश्न मला सुचला नव्हता.

ते गेल्यावर टिपणी लिहिली.
"पूर्वसेवा ग्राह्य धरण्यास व
सेवाखंड क्षमापित करण्यास हरकत नसावी."
खंड हा शब्द खोडून पाहिला.
त्याच्या जागी लिहायला
मान्यताप्राप्त दुसरा शब्द मिळाला नाही.
पुन्हा तोच लिहिला, खाडाखोडीवर सही केली.

पाच वाजता फीत बांधताना
रजिस्टरच्या शिवणीतून टेबलावर काही पडलं.
चपटं, पिवळट, नखाएवढंही नाही.
मिरचीचं बी.
झटकावं, की जोडपत्र म्हणून
पृष्ठ क्रमांक देऊन लावावं नस्तीला,
ठरेना.

तेवढ्यात मलाच शिंक आली.